पटसंख्या एक

शाळेत साहेब येणार असं कळलं की पूर्वी वर्ग शेणाने सारवून घेत. पुढे फरशा आल्या आणि फिनेल आलं, त्यामुळे माझ्या नोकरीचा वास विचाराल तर तो फिनेलचा. मी बाई असूनही मुलं "साहेब आले" असंच कुजबुजत आणि धडाधड उभी राहत. माझं पद भागशिक्षणाधिकारी. शब्द लांब, खुर्ची लहान. आधी गोव्यातला डिचोली तालुका, मग निवृत्तीपर्यंत पेडणे. शाळा तपासायच्या, शिक्षकांच्या कुरबुरी ऐकायच्या, गळकी कौलं वर कळवायची आणि वरून उत्तर येईपर्यंत पुढचा पावसाळा बघायचा, असं ते काम.

या सगळ्यात मला मनापासून आवडायचं ते एकच काम, शाळेत न येणाऱ्या मुलाच्या घरी जाणं. नव्या शिक्षकांना मी पहिल्याच दिवशी सांगत असे, मूल गैरहजर दिसलं की कागद रंगवू नका. आधी त्याच्या घरी जा, दार वाजवा, आणि कारण विचारा. कागदावर 'पालकांची अनास्था' लिहून मोकळं होता येतं, पण दार उघडल्यावर कळतं की आई बाळंत आहे, किंवा बाप बोटीवर गेलाय आणि गुरं सोडायला दुसरं कुणी नाही. एका घरी तर कारण असं निघालं की गावच्या जत्रेत मुलाला लवाजम्याबरोबर चालायचा मान होता आणि मान मिळाल्यापासून त्याला वर्गात मागच्या बाकावर बसणं कमीपणाचं वाटू लागलं होतं. त्याला पुढच्या बाकावर बसवलं, प्रश्न मिटला.

मला स्वतःला मूलबाळ नाही. लग्न राहून गेलं, मग आईचं आजारपण आलं, मग आई गेली. "तुमका पोर नाय, तुमका काय कळतलां?" असं मला दारात ऐकवणारेही भेटले. मी म्हणायची, "म्हणूनच तुमचं बघायला वेळ आहे." लोक हसत आणि आत घेत. संध्याकाळी साखळी गावातल्या माझ्या घरी आले की कुलूप मीच लावलेलं आणि मीच काढायचं. दिवसभर शंभर पोरांचा गलका कानात घेऊन यायचं आणि तो त्या घरात कुणाला सांगायचा ते कळत नसे.

आता कायद्याचं थोडं सांगते, कारण पुढची गोष्ट त्याशिवाय समजायची नाही. सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलाला मोफत आणि सक्तीचं शिक्षण, हे सगळ्यांना पाठ आहे. ही सक्ती पालकांवर आहे असं लोक समजतात. कायदा नीट वाचला तर सक्ती मुख्यतः सरकारवर आहे. शाळा काढा, ती घराजवळ काढा, शिक्षक द्या, मूल वर्षाच्या मध्येच आलं तरी वयाप्रमाणे वर्गात बसवा. पालकांवर टाकलंय ते कर्तव्य. मुलाला जवळच्या शाळेत घालावं. नाही घातलं तर काय, यावर तो कायदा मूग गिळून बसलाय. घरी शिकवू नका असंही त्यात नाही आणि शिकवा असंही नाही. यावर मोठ्या कोर्टांत लोक गेले, सरकारने कधी एक म्हटलं, कधी दुसरं. राज्याचा स्वतःचा जुना कायदा आहे, पण त्याचा बडगा कुणावर उगारलेला मी माझ्या नोकरीत पाहिला नाही. आणि पुढे त्या मुलाला मुक्त शाळेतून दहावीला बसता येतंच.

समुद्राच्या बाजूला बंगळूरहून आलेलं एक जोडपं राहायचं. त्यांची दोन मुलं कुठल्याच शाळेत नव्हती. मी गेले तर त्यांनी मला गवती चहा दिला, वकिलाचा सल्ला वाचून दाखवला आणि "आम्ही होमस्कूलिंग करतो" असं इतकं प्रेमाने सांगितलं की मी उठता उठता त्यांचेच आभार मानले. त्याच दुपारी मी एका धनगर वाड्यावर गेले. तिथली मुलगी बापाबरोबर शेरडं राखत होती, झाडांची नावं तिला माझ्याहून अधिक येत होती. तिच्या नावापुढे कार्यालयाने 'शाळाबाह्य' लिहिलं. किनाऱ्यावर असली तर होमस्कूलिंग, डोंगरावर असली तर शाळाबाह्य. कायदा एक, फरक बापाच्या इंग्रजीचा.

या जोडप्याचे कपडे शिवणारा एक शिंपी होता. मोहन गवस त्याचं नाव. होमस्कूलिंग हा शब्द त्याने त्यांच्याकडूनच उचलला.

मोहन गवस मूळचा पेडण्यातल्या एका डोंगराळ वाड्यावरचा. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. बारावी झालेला, वाचनाचा नाद असलेला माणूस. तुये गावच्या कारखान्यात शिफ्टवर जायचा. बायको तापाच्या साथीत गेली तेव्हा मुलगी केतकी जेमतेम शाळेत घालायच्या वयाची होती. त्याने नोकरी सोडली, वडिलांचं शिवणयंत्र माळ्यावरून खाली काढलं आणि घरी बसून आसपासच्या शाळांचे गणवेश शिवू लागला. साऱ्या पंचक्रोशीतली पोरं त्याने शिवलेले कपडे घालून शाळेत जायची. त्याची स्वतःची मात्र घरी.

मी पहिल्यांदा गेले तेव्हा केतकी नऊ वर्षांची होती. घर डोंगराच्या अंगावर, अगदी शेवटचं. खालच्या गावातली सरकारी प्राथमिक शाळा त्यांच्या जनेलातून, म्हणजे खिडकीतून, दिसते. मी दारात उभी राहिले तर आतून आवाज आला, "बाई, वायच थांबा. हजेरी चल्ली आसा."

आत शिवणयंत्राशेजारी भिंतीला फळा. समोर एक बाक, त्यावर मुलगी, अंगात खालच्या शाळेचा निळा-पांढरा गणवेश, कडक इस्त्रीचा, दोन वेण्या, रिबिनी. मोहन गवस उभा राहून मोठ्याने म्हणाला, "केतकी मोहन गवस!"

"हजर, सर!"

त्याने मान हलवली, मग मला बसायला कदेल दिली आणि म्हणाला, "आता बोला."

मला हसू आवरेना. पण पोर हसत नव्हती, बापही हसत नव्हता. मी तिची तोंडी परीक्षा घेतली. वाचन खणखणीत होतं. अपूर्णांक तर असे, की पाऊण मीटर कापडातून किती रुमाल निघतील हे तिने मी प्रश्न पुरा करायच्या आत सांगितलं. मी मोहनला म्हटलं, "मोहनबाब, छान शिकवलंत. पण हिला शाळेत घालायला हवं, कायदा आहे."

"कायदो माका म्हायत आसा. नाय घातलां तर काय करतलात, तां सांगा."

"काही नाही," मी खरं तेच सांगितलं. "शिक्षा त्या कायद्यात लिहिलेली नाही."

"मगे तुमी इतक्या उन्हातसून इलात कित्या?"

मी त्याला माझा नियम सांगितला. मूल गैरहजर असलं की आधी घरी जायचं, दार वाजवायचं, कारण विचारायचं. त्याला तो पटला असावा, कारण त्याने लिंबाचं सरबत केलं. कारण मात्र सांगितलं नाही. "शाळेत आता शिकवतत खंय?" असलं काहीतरी म्हणाला. पण भिंतीवर बायकोचा फोटो होता आणि घरात दुसरं माणूस नव्हतं. कारण समोर दिसत होतं.

त्यानंतर मी जात राहिले. वरचे साहेब म्हणायचे, नोटीस काढा. मी म्हणायची, काढते. नोटिशीने तो आणखी घट्ट झाला असता, आणि त्या नोटिशीमागे उभं करायला त्या कायद्यात कलमही नव्हतं. एकदा गेले तेव्हा त्यांची मधली सुट्टी होती. होय, मधली सुट्टीही होती. मोहनने पितळेची घंटा वाजवली, केतकी बाहेर पायरीवर जाऊन बसली, डबा उघडला, गूळ लावलेला पाव खाल्ला, डबा बंद केला आणि समोर बघत बसली. वर्गात ती बापाला 'सर' म्हणायची, सुट्टीत 'बाबा'. पण सुट्टीत तो शिलाई उरकायला यंत्रावर बसायचा, त्यामुळे 'बाबा' म्हणायची वेळ फारशी येतच नसे.

मी तिच्या शेजारी टेकले. तिने हळूच विचारलं, "बाई, मधल्या सुट्टीत खालची पोरां काय करतत?"

"खेळतात. भांडतात. एकमेकांचे डबे खातात."

"कोणी कोणाचो खावचो, तां कोण सांगता?"

एवढी वर्षं मी परिपत्रकांची उत्तरं दिली, पण असा प्रश्न कुठल्याच परिपत्रकात नव्हता. शिकवणं एकट्याला जमतं, मधली सुट्टी जमत नाही. त्या दिवशी परतीच्या बसमध्ये मला रडू आलं, आणि ते फक्त त्या पोरीसाठी नव्हतं. मीही रोज तशीच डबा उघडून बंद करणारी बाई होते.

मग ते सरस्वतीपूजन आलं. आमच्या गोव्यात प्राथमिक शाळेचं सरस्वतीपूजन म्हणजे साऱ्या गावाचा सण. पंचांगात दिवस ठरलेला. मखर सजतं, मुलांच्या पाट्या-पुस्तकं देवीपुढे ठेवतात, आरती होते, दुपारी मुलांची नाटुकली आणि फुगड्या. आमंत्रण द्यायचं ते मुलांनीच, गणवेश घालून दारोदार जाऊन. मोठ्यांनी दिलेलं आमंत्रण त्यात धरतच नाहीत.

त्या दुपारी मला खालच्या शाळेतलं बोलावणं होतं. बसमधून उतरले तर वाड्यावरची एक म्हातारी, पार्वतीकाकी, मला बघून धावतच आली.

"बाई, तुमका देव बरां करू! मोहनाचां चेडूं शाळेत जावक लागलां मां! आमंत्रण देवक इलां, गणवेश घालून. सगळ्यांनी बघलां."

माझे पाय जमिनीवर ठरेनात. शाळेत पोचले, आरती झाली, मी एकेक मुलगी न्याहाळत होते. केतकी नव्हती. राऊळ सर म्हणून तिथले शिक्षक, त्यांना विचारलं. ते म्हणाले, "नाही हो, आमच्याकडे कुठे? गाव सगळं मला विचारतंय." तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. मी प्रसाद हातात तसाच धरून डोंगर चढले.

मोहनच्या घरी अंगणात माटव घातला होता. शेजारच्या दोन वाड्यांना पुरतील एवढ्या चटया अंथरल्या होत्या. मखर साडीच्या काठांचं, देवी सुरेख, तिच्यापुढे एकाच मुलीची पाटी आणि तिचीच पुस्तकं. बाजूला चण्यांच्या उसळीचं मोठं भांडं आणि पत्रावळींची चळत. चटईवर बाप एकटा, समोर गणवेशातली लेक. खालच्या शाळेचा लाऊडस्पीकर अंगणापर्यंत ऐकू येत होता.

"सगळ्यांनी येतंव म्हणान सांगलां," मोहन म्हणाला. "केतकी सोता दारोदार गेली. एकय येवक नाय."

मी काय सांगणार? गणवेश त्याचाच, हुबेहूब खालच्या शाळेचा, टाक्यात टाका. तो अंगात घालून पोर एकटी आमंत्रणाला आली, तेव्हा लोकांनी आनंदाने मान डोलावली आणि सगळे आनंदाने खालच्या शाळेत गेले. मी हे शक्य तितकं हळू सांगितलं. त्याने यंत्राकडे पाहिलं, मग लेकीच्या कॉलरीकडे.

केतकी म्हणाली, "सर, नाटक करू?"

तिने नाटक केलं. राजा तीच, प्रधान तीच, चोर तीच. राजा झाली की डोक्याला टॉवेल बांधायची, प्रधान झाली की काढून खांद्यावर टाकायची, चोर झाली की तोंडावर ओढायची. चोराला पकडायचा प्रसंग आला तेव्हा तिने स्वतःचाच हात स्वतःच्या हाताने धरला. आम्ही दोघांनी टाळ्या वाजवल्या. दोन माणसांच्या टाळ्या किती ओशाळ्या वाटतात, ते तिथे कळलं.

मग खालून फुगडीचं गाणं सुरू झालं. केतकी माझ्यापुढे येऊन उभी राहिली. "बाई, फुगडी घालतलात?"

माझा गुडघा तेव्हाच कुरकुरत होता. तरी पदर खोचला. हात पुढे केले, तर ती नुसती बघत राहिली.

"हात कशे धरतत, बाई? माका म्हायत नाय."

फुगडीचे हात फुलीसारखे धरतात, हे आमच्याकडच्या पोरींना कुणी शिकवत नाही. ते एकमेकींकडून येतं, बोलायला लागण्याच्या सुमारास. मी तिचे हात घेऊन एकावर एक ठेवले. चार गिरक्या घेतल्या असतील. ती खिदळली, मोठ्याने, त्या घरात मी ऐकलेलं तिचं पहिलं हसू. मला धाप लागली म्हणून थांबले आणि पाहिलं, तर मोहन गवस पंच्याने डोळे पुसत होता, लपवत नव्हता.

"बाई, माका सगळां शिकवक जमलां," तो म्हणाला. "ह्यां कशां शिकवतलंय?"

तो उठला. उसळीचं भांडं त्याने दोन्ही हातांनी उचललं, पत्रावळी मला दिल्या.

"चल गो केतकी. इतको प्रसाद कोण खातलो? खाली जावया."

ती जागची हलेना. "सर, शाळा सुटली?"

"सुटली, बाय," तो म्हणाला. "बाबा म्हण आता."

आम्ही तिघं डोंगर उतरलो. शाळेच्या दारात ती थबकली. आत सगळ्या मुली तिच्यासारख्याच कपड्यांत. पुढच्या बाकावरची एक मुलगी तिच्याकडे बघत राहिली, मग सरकून तिने जागा केली. राऊळ सरांनी उसळ वाढायला घेतली. मला वाटतं, नोकरीतला माझा सगळ्यात चांगला दिवस तो, आणि त्यात माझं कर्तृत्व एवढंच की मला फुगडी येत होती.

दुसऱ्या दिवशी तिचा प्रवेश झाला. वर्षाच्या मध्येच, वयाप्रमाणे चौथीत. त्या बाबतीत कायदा फार चांगला आहे, काही मागत नाही, काही विचारत नाही. ती बाकावर जाऊन बसली आणि मागे वळून पाहिलंही नाही. असंच व्हायला हवं. मोहन फाटकाबाहेर उभा होता. मी म्हटलं, "चला, चहा घेऊ."

"बाई, ह्या कायद्यात पोराक हक्क आसा, सरकाराक काम आसा. बापाक काय आसा?"

"कर्तव्य," मी म्हटलं.

"तां केलां. पण सकाळी हजेरी घेवची सवय जाली मां. आता कोणाची घेव?"

"माझी घ्या," मी थट्टेत म्हटलं. तो थोडंसं हसला आणि चढण चढू लागला. वरच्या घरी त्याची वाट बघणारं कुणी नव्हतं, हे मला माहीत होतं. ते चित्र मला बरेच दिवस सोडीना. आपण बरोबर केलं, यात शंका नाही. पण बरोबर केल्यावरही कुणीतरी एकटं उरतं, आणि त्याच्या घरी जायला कुठला अधिकारी नेमलेला नसतो.

ती शाळा पुढे मुलं नाहीत म्हणून दुसऱ्या शाळेत विलीन झाली. केतकी आता फोंड्याला कॉलेजात शिकते, वसतिगृहात राहते. एका खोलीत चार मुली आहेत आणि त्या एकमेकींचं सगळं खातात, असं तिने मला कळवलं. मी निवृत्त झाले. निरोपाला नारळ मिळाला, शाल मिळाली, आणि दुसऱ्या सकाळी उठून कुठेच जायचं नव्हतं. पाववाल्या पोदेराचा भोंगा वाजला, पाव घेतला, आणि मग दिवसाला तोंडच सापडेना.

त्याच आठवड्यात फोन वाजला. पलीकडून नमस्कार नाही, चौकशी नाही. मोठ्याने माझं पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, आणि मग शांतता. क्षणभर मला कळलंच नाही. मग आपोआप तोंडातून आलं, "हजर!" पलीकडे फोन ठेवला गेला. तेव्हापासून रोज सकाळी, शाळेच्या वेळेला, हजेरी होते. एरवी आम्ही फारसं बोलत नाही. त्याला शिलाई असते, मला गुडघा असतो.

गेल्या पावसाळ्यात मला ताप भरला. फोन कुठेतरी अंथरुणात, बंद पडलेला. मला शुद्ध होती, पण उठायची इच्छा नव्हती. कुणाला काय फरक पडणार, असं मनात आलं होतं, ते लिहायला लाज वाटत नाही. दुपार कलली आणि दार वाजलं. माझ्या दाराची कडी कुणी वाजवत नाही, त्यामुळे आधी वाटलं वारा असेल. पुन्हा वाजली.

उघडलं तर पायरीवर मोहन गवस, छत्री निथळत होती, हातात पावाची पुडी. पेडण्याहून साखळीला यायला त्याला दोन बस बदलाव्या लागल्या असतील. आत या म्हटलं तरी आला नाही. उंबऱ्याबाहेरच उभा राहिला, ताठ, मी आयुष्यभर दारादारांत उभी राहत आले तसा.

"बाई, आज गैरहजर," तो म्हणाला. "कारण?"

"ताप," मी म्हटलं, आणि मला हुंदका आवरला नाही.

त्याने मान हलवली, पावाची पुडी माझ्या हातात दिली. "बरां. आता बसा, मिया पेज घालतंय. फाल्यां सकाळी हजर रवा."